जंगलातले नामवंत : ‘आय ॲम अ सेलिब्रिटी’ची पहिली सहा पर्वं

दिवाळीचा फराळ संपत येतो, चिवड्याच्या डब्याच्या तळाशी शेंगदाणे आणि कढीपत्ता तेवढा उरतो, आणि त्याच सुमारास इथे ब्रिटनमध्ये आणखी एक वार्षिक सोहळा सुरू होतो. त्याला ना मुहूर्त लागतो ना पूजा. नोव्हेंबरातल्या एका रविवारी रात्री नऊच्या सुमाराला आयटीव्हीवर दोन हसतमुख गडी झाडावरच्या लाकडी पुलावर येऊन उभे राहतात, आणि पुढचे तीन आठवडे ऑफिसातल्या चहाच्या किटलीपाशी दुसरा विषय निघत नाही.

आपल्यापैकी बरेच जण २००० नंतरच्या दहा वर्षांत इथे आले. हवामान आणि क्रिकेट या दोन विषयांवर आपण पहिल्या दिवसापासून बोलू शकत होतो. पण “काल रात्री तिने काय खाल्लं पाहिलंस का?” असा प्रश्न आला की नुसतं हसून मान डोलवायची वेळ यायची. कोण ती, तिने काय खाल्लं, आणि मुळात का खाल्लं, यातलं काहीच कळायचं नाही. कार्यक्रमाचं नावच ‘सेलिब्रिटी’, आणि आम्हाला तर त्यातला एकही चेहरा ओळखीचा नसायचा!

म्हणून २००२ ते २००६ या काळातल्या पहिल्या सहा पर्वांची माहिती आम्ही इथे एकत्र केली आहे. नव्याने आलेल्यांना ती उपयोगी पडेल आणि जुन्यांना आठवणी ताज्या करता येतील. आमचं एक मत आधीच सांगून टाकतो. हा कार्यक्रम दिसायला किडे-झुरळांचा असला, तरी इथले लोक कोणत्या माणसाला मनापासून मान देतात, हे त्यातून जितकं कळतं तितकं पुस्तकं वाचून कळत नाही.

हे सुरू कसं झालं?

प्रसिद्ध-अप्रसिद्ध माणसांना एका जागी कोंडून त्यांच्यावर कॅमेरे रोखायचे, ही कल्पना तेव्हा नवीन नव्हती. स्वीडनमध्ये १९९७ साली ‘एक्सपिडिशन रॉबिन्सन’ आला. त्याच कल्पनेवरचा ‘सर्व्हायव्हर’ २००० साली अमेरिकेत तुफान चालला. ब्रिटनमध्ये २००० च्या उन्हाळ्यात चॅनेल फोरवर ‘बिग ब्रदर’ आला आणि घराघरात पोचला. आयटीव्हीने २००१ आणि २००२ मध्ये ‘सर्व्हायव्हर’ची ब्रिटिश आवृत्ती करून पाहिली, पण तिला अपेक्षेएवढा प्रेक्षक मिळाला नाही.

मग २००२ च्या ऑगस्टमध्ये दोन्हींचा मेळ घालून नवा कार्यक्रम आला. ‘सर्व्हायव्हर’मधलं रान घेतलं, ‘बिग ब्रदर’मधलं प्रेक्षकांचं मत घेतलं आणि माणसं मात्र नावाजलेली घेतली. कार्यक्रमाचं पूर्ण नाव ‘आय ॲम अ सेलिब्रिटी, गेट मी आउट ऑफ हिअर!’ म्हणजे आपल्या भाषेत, “अहो, मी मोठा माणूस आहे, मला इथून बाहेर काढा!” नावातच थट्टा आहे, आणि ती थट्टा कोणाची, हेही स्पष्ट आहे.

साम्य इतकं होतं की ‘सर्व्हायव्हर’वाले कोर्टात गेले. अमेरिकेतल्या आवृत्तीचं प्रसारण थांबवावं म्हणून सीबीएसने न्यूयॉर्कमध्ये दावा लावला. जानेवारी २००३ मध्ये न्यायालयाने मनाई हुकूम द्यायला नकार दिला आणि त्या फेब्रुवारीत एबीसी वाहिनीवर तो कार्यक्रम दाखवला गेला.

सूत्रसंचालक पहिल्या दिवसापासून अँट आणि डेक. अँट मॅकपार्टलिन आणि डेक्लन डॉनेली हे दोघे न्यूकॅसलचे, लहानपणापासून टीव्हीवर काम करणारे. त्याआधी ‘पॉप आयडॉल’मुळे ते घरोघरी पोचले होते. त्यांचे ते न्यूकॅसलचे हेल सुरुवातीला आपल्याला समजत नाहीत. पण हा कार्यक्रम दोन पर्वं पाहिली की ईशान्य इंग्लंडातला माणूस फोनवर काय बोलतो ते निम्मं तरी कळू लागतं, असा आमचा अनुभव आहे.

जागा कुठली?

पहिलं पर्व ऑस्ट्रेलियात उत्तर क्वीन्सलंडमधल्या टली गावाच्या परिसरात झालं. टली हे ऑस्ट्रेलियातल्या सर्वांत पावसाळी गावांपैकी एक. वर्षाला सरासरी चार मीटरच्या वर पाऊस. १९५० साली तिथे ७.९ मीटर पाऊस पडला, त्याची आठवण म्हणून गावात तेवढ्याच उंचीचा एक सोनेरी गमबूट उभारलेला आहे. आंबोलीचा पाऊस ज्यांनी अंगावर घेतला आहे त्यांना वेगळं सांगायला नको.

दुसऱ्या पर्वापासून मुक्काम न्यू साउथ वेल्सच्या उत्तर टोकाला, मरविलंबा या गावाजवळ हलला. ही ट्वीड नदीची खोरी. एका विझलेल्या प्राचीन ज्वालामुखीचा हा प्रदेश असून आजूबाजूला उपोष्ण कटिबंधातलं वर्षावन आहे. हा मुलूख मूळचा बंडजलंग या आदिवासी लोकांचा. गंमत अशी की गोल्ड कोस्टची चकचकीत हॉटेलं इथून फार लांब नाहीत. बाहेर पडलेला स्पर्धक अंघोळ करून थेट पंचतारांकित ‘पलाझो व्हर्साची’मध्ये नाश्त्याला बसायचा. (ते हॉटेल २०२३ पासून वेगळ्या नावाने चालतं.)

आणखी एक गोष्ट सुरुवातीला गोंधळात टाकते. इथे रात्रीचे नऊ वाजलेले असतात आणि पडद्यावर लख्ख सकाळ दिसते. नोव्हेंबरात लंडन आणि न्यू साउथ वेल्स यांच्या घड्याळात अकरा तासांचा फरक असतो. म्हणजे अँट आणि डेक पुलावरून थेट प्रक्षेपणात बोलत असतात तेव्हा तिथे दुसऱ्या दिवसाचे सकाळचे आठ वाजलेले असतात. जंगलातली माणसं उपाशीपोटी उठून बसलेली, आणि आपण जेवण करून सोफ्यावर!

खेळाचे नियम

नियम सोपे आहेत. आठ-दहा किंवा अधिक नामवंतांना रानातल्या छावणीत ठेवतात. झोपायला साधी खाट किंवा झुला, मध्ये सतत पेटती ठेवायची शेकोटी, अंघोळीला धबधबा किंवा तळं. पुस्तक, फोन, घड्याळ काही नाही. रोजचा शिधा म्हणजे थोडा भात आणि थोडे बीन्स.

त्याहून जास्त खायला हवं असेल तर ते कमवावं लागतं. त्यासाठी असते ती ‘बुशटकर ट्रायल’. एक जण जातो, त्याला अंधाऱ्या भुयारात, सापांच्या खोक्यात, उंच दोरीवर किंवा किड्यांनी भरलेल्या ताटापुढे बसावं लागतं, आणि तिथून तारे गोळा करायचे असतात. छावणीत जितकी माणसं तितके तारे. जितके तारे मिळतील तितक्या जणांचं जेवण येणार. सहन होईनासं झालं तर कार्यक्रमाचं नाव मोठ्याने उच्चारायचं, की परीक्षा तिथेच थांबते. पण मग रिकाम्या हाताने परत जाऊन भुकेल्या दहा तोंडांपुढे उभं राहायचं.

कोण जाणार हे सुरुवातीच्या दिवसांत प्रेक्षक मतं देऊन ठरवतात. इथेच खरी मेख आहे. जो जास्त घाबरतो, जो जास्त नखरे करतो, त्यालाच लोक पुन्हा पुन्हा पाठवतात. पुढे रोज एकेक जण मतांनी बाहेर पडतो आणि शेवटी उरतो तो ‘जंगलचा राजा’ किंवा ‘राणी’.

आता पर्वांकडे वळू.

पहिलं पर्व : ऑगस्ट-सप्टेंबर २००२

२५ ऑगस्ट ते ८ सप्टेंबर. आठ जण होते : रेडिओ निवेदक टोनी ब्लॅकबर्न, उच्चभ्रू वर्तुळातली टॅरा पामर-टॉमकिन्सन, माजी खासदाराची पत्नी क्रिस्टीन हॅमिल्टन, मॉडेल नेल मॅकॲन्ड्रू, विनोदी कलाकार रोना कॅमेरॉन, नट-गायक डॅरन डे, मुष्टियोद्धा नायजेल बेन, आणि चमचे वाकवण्यासाठी जगप्रसिद्ध झालेला युरी गेलर. चमचे वाकवणाऱ्याचा प्रभाव मतांवर पडला नाही, तो सगळ्यांत आधी बाहेर गेला.

जिंकला तो टोनी ब्लॅकबर्न, वयाच्या ५९ व्या वर्षी. ३० सप्टेंबर १९६७ ला बीबीसी रेडिओ वन सुरू झालं तेव्हा पहिला आवाज त्याचाच होता. आपल्याकडे रेडिओ सिलोनवरच्या अमीन सयानींचा आवाज जसा एका पिढीच्या कानात आहे, तसं इथल्या एका पिढीचं ब्लॅकबर्नशी नातं आहे. जंगलात त्याने पराक्रम असा काही केला नाही. तो लाकडं गोळा करायचा, ती नीट रचायचा, साधे विनोद करायचा आणि कोणाशी भांडायचा नाही. लोकांनी त्यालाच निवडलं. दुसरी आलेली टॅरा पामर-टॉमकिन्सन २०१७ मध्ये वयाच्या अवघ्या ४५ व्या वर्षी वारली.

दुसरं पर्व : एप्रिल-मे २००३

या पर्वातला एक चेहरा मात्र आपल्या ओळखीचा होता. फिल टफनेल! डावखुरा फिरकी गोलंदाज, ४२ कसोटींत १२१ बळी. १९९२-९३ साली इंग्लंडचा संघ भारतात आला होता आणि ३-० असा सपाटून हरला होता, त्या संघात हा होता. त्याच मालिकेत वानखेडेवर विनोद कांबळीने २२४ धावा कुटल्या होत्या. क्षेत्ररक्षणात टफनेल कच्चा. पण १९९७ मध्ये ओव्हलवर ऑस्ट्रेलियाविरुद्ध सामन्यात ११ बळी घेणाराही तोच.

क्रिकेटमधून निवृत्ती घेऊन तो लगेचच जंगलात आला आणि जिंकला. अंतिम फेरीत समोर होता फुटबॉलपटू जॉन फाशानू. आपल्या भीतीवर मात करत एकेक परीक्षा देणारा, शिस्तीचा माणूस. टफनेल उलट. खाटेवर आडवा पडून टवाळी करणारा, आणि वेळ आली की गुपचूप उठून काम करून येणारा. याच पर्वात नृत्यकलाकार वेन स्लीप, घरसजावटवाली लिंडा बार्कर, गायिका टोया विलकॉक्स आणि शेफ अँटनी वॉरल टॉम्प्सन होते. नट क्रिस बिसनही होता. ‘ईस्ट इज ईस्ट’ या चित्रपटात आणि ‘कोरोनेशन स्ट्रीट’मध्ये विक्रम देसाईच्या भूमिकेत आपल्यापैकी काहींनी त्याला पाहिलं असेल.

या विजयाने टफनेलला दुसरं आयुष्य मिळालं. पुढे बरीच वर्षं तो ‘अ क्वेश्चन ऑफ स्पोर्ट’मध्ये कर्णधार होता आणि रेडिओवरच्या क्रिकेट समालोचनातही त्याचा आवाज ऐकू येऊ लागला.

तिसरं पर्व : जानेवारी-फेब्रुवारी २००४

ज्यांना एकच जुनं पर्व पाहायचं असेल त्यांनी हे पाहावं. एक कोटीहून अधिक प्रेक्षक रोज बघत होते.

‘सेक्स पिस्टल्स’चा गायक जॉन लायडन, म्हणजेच जॉनी रॉटन, यात होता. हा १९७७ चा बंडखोर. आपण पहिल्याच फेरीत बाहेर पडलो नाही हे कळल्यावर त्याने थेट प्रक्षेपणात प्रेक्षकांना अशी शिवी हासडली, की जी इथे छापता येणार नाही. आता देशभर गहजब होणार असं वाटलं होतं. पण तक्रारी आल्या शंभरापेक्षाही कमी. त्यानंतर लवकरच तो आपल्या पायांनी चालता झाला.

बीबीसीसाठी चौदा वर्षं राजघराण्याच्या बातम्या देणारी जेनी बाँड जमिनीतल्या शवपेटीसारख्या खोक्यात उंदरांसोबत शांत पडून राहिली, आणि तिचा मान एकदम वाढला. मॉडेल जॉर्डन, म्हणजे केटी प्राइस, हिला प्रेक्षकांनी एकामागून एक परीक्षांना धाडलं. तिच्यात आणि गायक पीटर आंद्रेमध्ये जंगलातच सूत जमलं. दोघांनी २००५ मध्ये लग्न केलं आणि २००९ मध्ये ते वेगळे झाले. आंद्रेचं एक जुनं गाणं पुन्हा बाजारात आलं आणि २००४ मध्ये थेट पहिल्या क्रमांकावर गेलं. विमा-फसवणुकीसाठी तुरुंगात जाऊन आलेला लॉर्ड ब्रॉकेट आणि फुटबॉलपटू नील रडॉकही याच छावणीत होते.

जिंकली केरी मॅकफॅडन. ‘ॲटॉमिक किटन’ या गायिकांच्या गटातली ही मुलगी, नंतर केरी कटोना म्हणून ओळखली जाऊ लागली. ती रडायची, घाबरायची, “मला घरी जायचंय” म्हणायची, आणि तरीही राहायची. जंगलची ती पहिली राणी.

चौथं पर्व : नोव्हेंबर-डिसेंबर २००४

एकाच वर्षात दोन पर्वं झाली, आणि तेव्हापासून नोव्हेंबर हाच या कार्यक्रमाचा महिना ठरून गेला.

यावेळी सगळ्यांचं लक्ष होतं पॉल बरेलकडे. राजकन्या डायनाचा हा बटलर. २००२ साली त्याच्यावरचा चोरीचा खटला खुद्द राणीला एक जुनं संभाषण आठवल्यामुळे कोसळला होता. किड्या-उंदरांनी भरलेल्या बिळांमध्ये हात घालताना त्याने केलेले चेहरे आजही दाखवले जातात. तो दुसरा आला. पत्रकार जॅनेट स्ट्रीट-पोर्टर यांनी छावणीत सगळ्यांना कामाला लावलं. दोघे स्पर्धक मध्येच निघून गेले.

विजेता विनोदी कलाकार जो पास्क्वाले. किरट्या आवाजाचा, स्वतःवरच विनोद करणारा. पुन्हा तेच!

पाचवं पर्व : नोव्हेंबर-डिसेंबर २००५

कॅरल थॅचर, म्हणजे मार्गारेट थॅचर यांची मुलगी, वय ५२. ही बाई आठवड्याभरात रडत बाहेर पडेल असं अनेकांना वाटलं होतं. तिने कांगारूचे वृषण चावून खाल्ले, चिखलात लोळली, कसलीही कुरकुर केली नाही आणि जिंकली. ज्यांना तिच्या आईचं राजकारण मुळीच मान्य नव्हतं, अशा लोकांनीही फोन उचलून तिला मत दिलं, हे आम्हाला त्या वेळी फार नवलाचं वाटलं होतं.

पण गोष्ट इथे संपत नाही. २००९ च्या फेब्रुवारीत कॅमेऱ्यामागे बोलताना तिने एका टेनिसपटूबद्दल वंशाची हेटाळणी करणारा शब्द वापरला. आपण तो गमतीने वापरला, असं तिचं म्हणणं होतं, पण बीबीसीने तिला ‘द वन शो’मधून काढलं. रोखठोक स्वभावाचं कौतुक कुठवर करायचं, हा प्रश्न आपल्यासारख्या बाहेरून आलेल्यांनी मनात ठेवावा असा आहे.

सहावं पर्व : नोव्हेंबर-डिसेंबर २००६

या वेळी मुक्काम वाढून जवळजवळ तीन आठवड्यांचा झाला. ‘बस्टेड’ या बँडमधला मॅट विलिस जिंकला, ‘हिअरसे’ या गटातून पुढे आलेली मायलीन क्लास दुसरी आली, आणि ‘नेबर्स’मधून इथल्या घराघरात पोचलेला ऑस्ट्रेलियन जेसन डॉनोव्हन तिसरा. मायलीन क्लासची पुढची निवेदनाची कारकीर्द याच पर्वानंतर बहरली. निर्माता डेव्हिड गेस्ट याने शेकोटीपाशी सांगितलेल्या खऱ्या-खोट्या गोष्टींनी छावणी हसवत ठेवली. तो २०१६ मध्ये वारला.

भात, बीन्स आणि किळस

आता थोडं खाण्याविषयी. पहिल्यांदा हा कार्यक्रम पाहिला तेव्हा आम्हाला एक कोडं पडलं होतं. भात आणि बीन्स मिळतात म्हणून ही माणसं रडतात का? आपल्याकडे राजमा-भात म्हटलं की रविवार साजरा होतो! नंतर लक्षात आलं, की रडणं भाताचं नाही. मीठ नाही, तेल नाही, फोडणी नाही, चहा-साखर नाही, आणि मुख्य म्हणजे पोट भरेल एवढं नाही. अशा अन्नावर चार दिवस काढले की माणसाचा मुखवटा आपोआप गळून पडतो. निर्मात्यांना नेमकं तेच हवं असतं. उपासाच्या चौथ्या दिवशी खोटं गोड बोलणं कोणाला जमत नाही.

‘बुशटकर’ या शब्दातही एक मेख आहे. ऑस्ट्रेलियन बोलीत ‘टकर’ म्हणजे जेवण, आणि ‘बुश टकर’ म्हणजे तिथल्या आदिवासींचं रानातलं अन्न. विचेटी ग्रब नावाची जी जाडजूड अळी पडद्यावर पाहून आपण डोळे मिटतो, ती मध्य ऑस्ट्रेलियाच्या कोरड्या प्रदेशातल्या लोकांचं पिढ्यान् पिढ्या पौष्टिक अन्न आहे. आपल्या गडचिरोलीकडचे माडिया लोक लाल मुंग्यांची चटणी आवडीने खातात. एकाचं जेवण ते दुसऱ्याची किळस. सुक्या बोंबलाचा डबा ऑफिसच्या मायक्रोवेव्हमध्ये गरम करून ज्याने शेजाऱ्यांचे चेहरे पाहिले आहेत, त्याला हे जास्त समजावून सांगायला नको. म्हणून पडद्यावरच्या किळसेला हसताना आपण थोडं जपूनच हसावं.

प्राण्यांच्या छळाचा आक्षेपही सुरुवातीपासून होता. २००९ च्या पर्वात छावणीत उंदीर मारून शिजवला गेला, त्यावर न्यू साउथ वेल्समधल्या प्राणिरक्षक संस्थेने खटला भरला. स्पर्धकांना परवानगी असल्याचं सांगितलं गेलं होतं, म्हणून त्यांच्यावरचे आरोप मागे घेतले गेले. पण निर्मात्यांनी गुन्हा कबूल केला आणि २०१० मध्ये त्यांना ३,००० ऑस्ट्रेलियन डॉलर दंड झाला. २०१९ पासून परीक्षांमध्ये जिवंत किडे खायला लावणं बंद झालं. पहिल्या पर्वांतली दृश्यं आज पाहिली तर काही ठिकाणी नको वाटतात ती म्हणूनच.

आपल्याकडे काय झालं?

जर्मनीत हा कार्यक्रम जानेवारी २००४ पासून सुरू झाला. भारतात तो २००९ साली सोनी वाहिनीवर ‘इस जंगल से मुझे बचाओ’ या नावाने आला. चित्रीकरण मलेशियाच्या जंगलात झालं आणि मोना वसू जिंकली. पण तो एका पर्वातच आटोपला. ‘बिग बॉस’ मात्र २००६ पासून टिकला, आणि २०१८ मध्ये महेश मांजरेकरांबरोबर मराठीतही आला. घरातलं भांडण आपल्या लोकांना रानातल्या भुकेपेक्षा जास्त जवळचं वाटलं असावं! अमेरिकेत २००९ साली एनबीसीवर नवी आवृत्ती झाली, तिच्यात ‘अमेरिकन आयडॉल’मुळे गाजलेला, बंगाली वडिलांचा मुलगा संजया मलाकार होता.

याच काळातली एक घटना मात्र आपल्यापैकी कोणीच विसरणार नाही. जानेवारी २००७, चॅनेल फोरवरचा ‘सेलिब्रिटी बिग ब्रदर’ आणि शिल्पा शेट्टी. तिला दिलेल्या वागणुकीबद्दल ऑफकॉमकडे ४४ हजारांहून अधिक तक्रारी गेल्या. अर्थमंत्री गॉर्डन ब्राउन तेव्हा भारताच्या दौऱ्यावर होते, त्यांना तिथे यावर उत्तरं द्यावी लागली. लायडनच्या शिवीवर शंभर लोकही तक्रार करत नाहीत, आणि इथे ४४ हजार. या देशाला शिवी चालते, पण एकट्या पडलेल्या माणसाला सगळ्यांनी मिळून टोचलेलं चालत नाही. शिल्पा जिंकली, आणि त्या आठवड्यात ऑफिसातल्या किटलीपाशी पहिल्यांदाच लोक आपल्याला विचारायला आले.

थोडक्यात

१. २००२ : टोनी ब्लॅकबर्न, रेडिओ निवेदक
२. २००३ : फिल टफनेल, क्रिकेटपटू
३. २००४ (जानेवारी-फेब्रुवारी) : केरी मॅकफॅडन, गायिका
४. २००४ (नोव्हेंबर-डिसेंबर) : जो पास्क्वाले, विनोदी कलाकार
५. २००५ : कॅरल थॅचर, पत्रकार
६. २००६ : मॅट विलिस, गायक

ही यादी पुन्हा एकदा वाचा. यात सर्वांत बलवान कोणी नाही, सर्वांत देखणं कोणी नाही, सर्वांत प्रसिद्ध तर मुळीच कोणी नाही. मुष्टियोद्धा हरला आणि लाकडं रचणारा जिंकला. सगळ्यांत एक गोष्ट सारखी आहे. स्वतःला हसता येणं, आणि घाबरलं तरी आपल्या वाट्याचं काम करून परत येणं. केरी तर सगळ्यांदेखत रडली, पण छावणी सोडून गेली नाही. आपण इथे आलो तेव्हा पदव्या, अनुभव आणि हुद्दे सांगून आपली ओळख करून देत होतो, कारण आपल्याला तसंच शिकवलं होतं. इथे मात्र हुद्दा सांगणाऱ्याकडे लोक जरा तिरके बघतात, आणि पावसात भिजत आलेल्या दिवशी “छान हवा आहे!” म्हणणाऱ्याला चहा करून देतात. हे आमच्यापैकी काही जणांना पाच वर्षं नोकरी करून कळलं. दोन आठवडे टीव्ही पाहिला असता तर लवकर कळलं असतं.

पुढची हकीकत थोडक्यात. करोनामुळे २०२० आणि २०२१ ची पर्वं वेल्समधल्या ग्रिख किल्ल्यात झाली, आणि २०२२ मध्ये छावणी पुन्हा ऑस्ट्रेलियात परतली. २०१८ चं एक पर्व सोडलं, त्या वेळी अँटच्या जागी हॉली विलोबी होती, तर पुलावरची जोडी तीच राहिली आहे.

तेव्हा मंडळी, नोव्हेंबरात मुलं हा कार्यक्रम लावून बसली तर लगेच चॅनेल बदलू नका. फराळाचा उरलेला डबा घ्या आणि शेजारी बसा. पडद्यावर कोणी अळी खात असेल तेव्हा चकली खायला जरा जड जाईल, एवढंच. तुमच्या आठवणीतल्या पर्वांबद्दल जरूर कळवा.